विषारी इंजेक्शन आणि अमेरिकेची आठवी घटनादुरुस्ती: पर्याय सुचवायचा कोणी?

कलमकसाई (धागाकर्ता)

अलाबामाने मृत्युदंडासाठी नायट्रोजन वायू वापरल्यापासून इथल्या दोन-तीन धाग्यांवर एकच प्रश्न फिरून फिरून येतोय: इंजेक्शनने इतके घोळ झाले, तरी अमेरिकेचं सुप्रीम कोर्ट ही पद्धत क्रूर म्हणून रद्द का करत नाही? दहा प्रतिसादांत चर्चा 'फाशी हवी की नको' यावर जाते आणि मूळ प्रश्न तसाच राहतो. म्हणून वेगळा धागा. इथे फक्त पद्धतीबद्दल बोलूया.

आठवी घटनादुरुस्ती १७९१ ची. 'क्रूर आणि असामान्य' शिक्षेला मनाई करणारे तिचे शब्द १६८९ च्या इंग्लंडच्या बिल ऑफ राइट्समधून आले. तेव्हापासून आजवर सुप्रीम कोर्टाने राज्याने निवडलेली मृत्युदंडाची एकही पद्धत रद्द केलेली नाही. १८७९ मध्ये युटाचं गोळीबार पथक चाललं, १८९० मध्ये न्यूयॉर्कची विजेची खुर्ची चालली. लुइझियानात विली फ्रान्सिसला खुर्चीत बसवून वीज सोडली तरी तो मेला नाही. त्याला पुन्हा बसवायचं का, यावर १९४७ मध्ये ५ विरुद्ध ४ असा निकाल आला: बसवा. कारण पहिल्या वेळी झाला तो अपघात, त्यात छळाचा हेतू नव्हता.

इंजेक्शनची पद्धत १९७७ मध्ये ओक्लाहोमाने कायद्यात आणली. राज्याचे मुख्य वैद्यकीय तपासनीस जे चॅपमन यांनी ती सुचवली होती. पहिला वापर टेक्ससमध्ये, डिसेंबर १९८२ मध्ये. कोर्टात तिच्या घटनात्मकतेची खरी कसोटी लागायला पुढे पंचवीस वर्षं गेली. त्यानंतरचे तीन निकाल महत्त्वाचे.

बेझ विरुद्ध रीस, २००८, केंटकी. ७ विरुद्ध २ ने पद्धत वैध. मुख्य न्यायाधीश रॉबर्ट्स यांच्या मतानुसार नुसती चुकीची शक्यता पुरेशी नाही. गंभीर इजेचा 'मोठा धोका' दाखवावा लागतो, आणि तो लक्षणीय कमी करणारा, सहज अमलात येईल असा पर्याय राज्याने विनाकारण नाकारला हेही.

ग्लॉसिप विरुद्ध ग्रॉस, २०१५, ओक्लाहोमा. ५ विरुद्ध ४. बेझमध्ये पर्यायाची अट फक्त तिघा न्यायाधीशांच्या मतात होती. न्या. अलिटो यांनी ती बहुमताने पक्की केली: कैद्याने पर्याय सांगितलाच पाहिजे, नाहीतर दावा तिथेच संपला.

बकल्यू विरुद्ध प्रिसाइथ, २०१९, मिसूरी. पुन्हा ५ विरुद्ध ४. कैद्याला दुर्मीळ आजार होता, डोक्यात, मानेत, घशात रक्तवाहिन्यांच्या गाठी होत्या. त्याचं म्हणणं होतं की इतरांचं काहीही असो, माझ्या शरीरात हे औषध गेलं तर माझा जीव रक्तात गुदमरून जाईल. कोर्टाने सांगितलं की अशा वैयक्तिक दाव्यालाही पर्यायाची अट लागू. त्याने नायट्रोजन सुचवला. बहुमताचा निकाल लिहिणारे न्या. गोर्सुच यांचं उत्तर असं की वायू कसा द्यायचा, किती प्रमाणात, किती वेळ, कर्मचाऱ्यांचं संरक्षण कसं, याचा तपशील कुठाय? शिवाय आधी कुठेच न वापरलेली पद्धत राज्याने नाकारली तर ते कारण योग्यच. ऑक्टोबर २०१९ मध्ये त्याला इंजेक्शननेच मृत्युदंड दिला.

माझं म्हणणं एवढंच आहे: दुखतं की नाही, हा प्रश्न या खटल्यांत आता दुय्यम झालाय. मुख्य प्रश्न पुराव्याच्या ओझ्याचा आहे. ते ओझं कैद्यावर टाकलंय, आणि ते उचलायला लागणारी माहिती राज्याच्या कुलपात आहे.

भूलचूक

कायद्याचं तुम्ही लिहिलंत, शरीराचं मी लिहितो, कारण त्याशिवाय 'मोठा धोका' म्हणजे काय ते कळत नाही.

जुनी पद्धत तीन औषधांची. पहिलं बेशुद्ध करणारं, दुसरं स्नायू लुळे पाडणारं, तिसरं हृदय थांबवणारं. बेझच्या वेळी केंटकीचं प्रमाण होतं ३ ग्रॅम थायोपेंटल, ५० मिलिग्रॅम पॅनक्युरोनियम, २४० मिलिइक्विव्हॅलंट पोटॅशियम क्लोराइड. सगळी भिस्त पहिल्यावर. ते रक्तात पोचलं नाही तर दुसऱ्याने माणूस जागा असून हलू शकत नाही, श्वास घेऊ शकत नाही, ओरडू शकत नाही. आणि तिसरं शिरेतून आग लावत जातं. काचेपलीकडच्या साक्षीदारांना दिसतो शांत चेहरा. गंमत म्हणजे (गंमत कसली) बेझमध्ये हे राज्यालाही मान्य होतं. थायोपेंटल नीट गेलं नाही तर उरलेली दोन औषधं असह्य यातना देतील, यावर वाद नव्हताच. वाद होता तो ते नीट न जाण्याची शक्यता किती, यावर.

मग लुळं पाडणारं औषध हवंच कशाला? राज्याचं उत्तर: झटके दिसू नयेत, मृत्यूची प्रतिष्ठा राहावी. न्या. स्टीव्हन्स यांनी त्यावर नोंदवलं की केंटकीसह कित्येक राज्यांत पाळीव जनावराला दयामरण देतानाही असं औषध वापरायला कायद्याने बंदी आहे.

प्रत्यक्षात बिघडतं ते बहुतेक वेळा शिरेपाशी. वर्षानुवर्षं सुया टोचलेले हात, लठ्ठपणा, पाणी कमी पडलेलं शरीर, भीतीने आकसलेल्या शिरा, आणि सुई लावणारा क्वचितच रोज हे काम करणारा. फ्लोरिडात डिसेंबर २००६ मध्ये आंहेल डियाझच्या दोन्ही हातांच्या सुया शीर भेदून आरपार मांसात गेल्या होत्या. औषध रक्तात न जाता आजूबाजूला पसरलं, दुसरा डोस द्यावा लागला, ३४ मिनिटं लागली. मिसूरीत २००६ च्याच खटल्यात बाहेर आलं की औषधं मिसळणारा डॉक्टर लेखी नियमातल्या ५ ग्रॅमऐवजी २.५ ग्रॅम थायोपेंटल देत होता. आपल्याला आकड्यांची उलटापालट होण्याचा त्रास आहे, हे त्याने स्वतःच शपथेवर सांगितलं. थायोपेंटल भुकटीच्या रूपात येतं, ते विरघळवून घ्यावं लागतं. आणि नळी सलाइनने धुतल्याशिवाय पुढचं औषध सोडलं तर नळीतच साका धरतो.

क्लेटन लॉकेट, ओक्लाहोमा, २९ एप्रिल २०१४. हात, पाय, मान सगळीकडे प्रयत्न फसले म्हणून जांघेतल्या शिरेत सुई लावली आणि वर चादर ओढली. सुईची जागा कोणाला दिसतच नव्हती. औषध मांसात उतरत होतं ते चादर उचलल्यावर तिथली सूज दिसली तेव्हा कळलं. मृत्यू ४३ मिनिटांनी. साध्या शस्त्रक्रियेत सुईची जागा झाकू नये हा प्राथमिक नियम आहे. राज्याच्या स्वतःच्या चौकशीनेही याच सुईवर बोट ठेवलं.

मुद्देसूद

माहिती उत्तम, पण चित्र एकतर्फी होतंय. दुसरी बाजू मांडतो.

घटना वेदनारहित मृत्यूची हमी देत नाही, हे गोर्सुच यांनी स्पष्ट लिहिलंय, आणि इतिहास पाहिला तर ते चूक नाही. १७९१ मध्ये सर्रास वापरली जाणारी पद्धत फाशीची होती आणि तिच्यात वेदना होती. घटनाकारांना थांबवायचं होतं ते जिवंत जाळणं, आतडी काढणं, म्हणजे मरणावर मुद्दाम चढवलेला छळ. मग 'जास्त वेदना' कशाच्या तुलनेत जास्त? तुलनेला दुसरी पद्धत लागणारच. पर्यायाची अट म्हणून अगदीच आकाशातून पडलेली नाही.

दुसरं, औषधं का मिळेनाशी झाली? अलिटो यांचा मुद्दा होता की फाशीविरोधी मंडळींनी कंपन्यांवर दबाव आणून थायोपेंटल आणि पेंटोबार्बिटल बंद पाडली, आणि मग उरलेलं मिडाझोलाम हे गुंगीचं औषध वाईट म्हणून तेच पुन्हा कोर्टात आले. आणि बकल्यूचा गुन्हा १९९६ चा, शिक्षेची अंमलबजावणी २०१९ ला. पीडितांच्या घरच्यांनी किती थांबायचं?

साखरभात

एक बाळबोध प्रश्न. ही सगळी अपिलं संपल्यावरच होतं ना? मग नव्याने कोर्टात जातात तरी कसे?

कलमकसाई

साखरभात, प्रश्न बाळबोध नाही, निम्मे खटले याच उंबऱ्यावर अडतात.

शिक्षेला आव्हान द्यायचं तर हेबियस कॉर्पस, म्हणजे कैदच बेकायदा आहे असा अर्ज. पण १९९६ च्या कायद्यानंतर दुसऱ्यांदा हेबियस करणं जवळपास अशक्य. म्हणून वकील म्हणतात, आम्ही शिक्षेला नाही, ती अमलात आणायच्या रीतीला आव्हान देतोय. आणि नागरी हक्कांच्या दाव्याचा रस्ता धरतात, ज्याला तिथे 'कलम १९८३' म्हणतात. शिरेसाठी मांस चिरण्यापुरता हा रस्ता २००४ मध्ये नेल्सन खटल्याने उघडला, खुद्द इंजेक्शनसाठी २००६ मध्ये हिल खटल्याने. २०२२ मध्ये नान्स विरुद्ध वॉर्ड: जॉर्जियाच्या कायद्यात फक्त इंजेक्शन आहे, कैदी मागतोय गोळीबार पथक, तरीही दावा कलम १९८३ खालीच चालेल. ५ विरुद्ध ४, निकाल न्या. केगन यांचा.

पुढचा क्रम साधारण असा. आधी तुरुंगातली तक्रार प्रक्रिया पूर्ण करायची, नाहीतर दावा फेटाळला जातो. मग मुदत. केंद्रीय कायद्यात वेगळी मुदत नाही, त्या राज्याची शारीरिक इजेच्या दाव्याची मुदत लागते, बऱ्याच ठिकाणी दोन वर्षं. ती मोजायची कधीपासून? अनेक अपील कोर्टं म्हणतात, थेट अपील संपल्यापासून किंवा राज्याने ती पद्धत स्वीकारल्यापासून, जे नंतरचं असेल ते. राज्याने औषध बदललं म्हणजे घड्याळ पुन्हा सुरू झालंच असं नाही. बदल 'लक्षणीय' आहे हे दाखवावं लागतं. अंमलबजावणीची तारीख लागेपर्यंत थांबलेला कैदी इथेच बाद होतो.

मग दाव्यात पर्याय मांडायचा, तोही पाककृतीइतका तपशीलवार: कोणतं औषध किंवा साधन, कुठून मिळेल, कोण देईल. सोबत तज्ज्ञांची शपथपत्रं. शेवटी स्थगितीचा अर्ज. तिथे चार गोष्टी तपासतात: जिंकण्याची शक्यता, भरून न येणारं नुकसान, दोन्ही बाजूंचा तोल, सार्वजनिक हित. आणि उशीर केला असेल तर गृहीतक कैद्याच्या विरोधात.

मुद्देसूद, तुलना लागते हे मला मान्य आहे. पण पर्याय 'उपलब्ध' आहे हे सिद्ध करायला पुरवठादार कोण ते सांगावं लागतं, आणि बऱ्याच राज्यांत पुरवठादाराचं नाव उघड करणं कायद्यानेच बंद केलंय. शेजारचं राज्य पेंटोबार्बिटल वापरत असतं, पण ते कोणत्या कंपाउंडिंग फार्मसीतून (मागणीनुसार औषध बनवून देणाऱ्या दुकानातून) येतं ते कोर्टही सांगत नाही. मग कैद्याला म्हणायचं, 'औषध मिळतं हे तू दाखवलं नाहीस.' गुप्ततेचा हेतू दबाव टाळण्याचा असेल, पण परिणाम पुरावा दडपण्याचा होतो.

ऑस्टिनकर

पुरवठ्याचा विषय निघालाच आहे तर त्यातला मुंबईचा भाग सांगतो, इथे फार जणांना माहीत नसतो.

थायोपेंटल अमेरिकेत बनवणारी एकच कंपनी उरली होती, हॉस्पिरा. तिने उत्पादन इटलीतल्या कारखान्यात हलवायचं ठरवलं, पण मृत्युदंडासाठी वापर होणार नाही याची हमी इटलीने मागितली. जानेवारी २०११ मध्ये हॉस्पिराने औषधच बंद केलं. त्याआधीच राज्यांनी परदेशात शोध सुरू केला होता. लंडनमधला एक पुरवठादार तर ड्रायव्हिंग स्कूलच्या जागेतून धंदा करत होता. ब्रिटनने निर्यात रोखली आणि मोर्चा आपल्याकडे वळला. मुंबईच्या कायेम फार्मास्युटिकलने नेब्रास्का आणि साउथ डकोटाच्या तुरुंग खात्यांना थायोपेंटल विकलं. बातम्या आल्यावर एप्रिल २०११ मध्ये कंपनीने जाहीर केलं की यापुढे या कामासाठी विकणार नाही. नेब्रास्काने २०१५ मध्ये पुन्हा भारतातल्याच एका दलालाला ५४,४०० डॉलर मोजले. माल आलाच नाही; अमेरिकेच्या अन्न व औषध प्रशासनाने आयातीला नकार दिला होता.

ती रोखण्यामागेही खटलाच होता, आणि तो आठव्या दुरुस्तीचा नव्हता. २०१३ मध्ये वॉशिंग्टनच्या अपील कोर्टाने म्हटलं की मान्यता नसलेलं परदेशी थायोपेंटल आत सोडणं हा प्रशासनाचा कायदाभंग आहे. म्हणजे 'क्रूर' या शब्दाने जे झालं नाही ते आयातीच्या कलमाने झालं. २०११ मध्ये लुंडबेकने पेंटोबार्बिटलचं वितरण आवळलं, युरोपीय संघाने निर्यातीवर नियंत्रण आणलं, २०१६ मध्ये फायझरने दारं लावली.

मुद्देसूद यांचा दबावाचा मुद्दा इथे अर्धा खरा आहे. दबाव होता, नाकारत नाही. पण आपलं औषध कशासाठी वापरलं जावं हे ठरवण्याचा हक्क कंपनीलाही आहेच की.

भूलचूक

मिडाझोलामचा उल्लेख झालाय, ग्लॉसिपचा गाभा तिथेच आहे.

बार्बिट्युरेट, म्हणजे थायोपेंटल किंवा पेंटोबार्बिटल, मोठ्या प्रमाणात दिलं तर मेंदूतल्या गाबा (मेंदू शांत करणारं रसायन) ग्राहकाची वाहिनी थेट उघडतं. मिडाझोलाम तसं करत नाही. शरीरातल्या गाबाचा परिणाम ते वाढवतं, आणि गाबा मर्यादित असतं. म्हणून एका पातळीनंतर डोस वाढवला तरी परिणाम वाढत नाही, ज्याला औषधशास्त्रात छत म्हणतात. झोप आणायला, घाबरटपणा घालवायला ते उत्तम. पण तीव्र वेदनेतही जाग येऊ नये इतकी खोल भूल त्या एकट्याने टिकेल, याला आधार नाही. शस्त्रक्रियेत एकट्या मिडाझोलामवर कोणी पोट उघडत नाही.

लॉकेटला १०० मिलिग्रॅम दिलं होतं. त्यानंतर ओक्लाहोमाने ५०० केलं, आणि राज्याचा तज्ज्ञ म्हणाला की एवढ्याने काम होईल. तो भूलतज्ज्ञ नव्हता, औषधनिर्माण कॉलेजचा डीन होता, आणि त्याच्या अहवालात सामान्य ग्राहकांसाठीच्या औषधमाहितीच्या वेबसाइटची पानं जोडली होती. छत नेमकं किती मिलिग्रॅमला लागतं हे कैद्यांचे तज्ज्ञ आकड्यात सांगू शकले नाहीत, कारण माणसावर असा प्रयोग कोण करणार? कोर्टाने ती उणीव कैद्यांच्या खात्यात टाकली. न्या. सोटोमायोर यांनी विरोधी मतात लिहिलं की हे रासायनिकरीत्या खांबाला बांधून जाळण्यासारखं ठरू शकतं.

निकालानंतर तीन महिन्यांनी, सप्टेंबर २०१५ मध्ये, त्याच ग्लॉसिपचा मृत्युदंड ऐनवेळी थांबवला. पोटॅशियम क्लोराइडऐवजी पोटॅशियम ॲसिटेट आलं होतं. मग कळलं की जानेवारीत चार्ल्स वॉर्नरला तेच ॲसिटेट देऊनही झालं होतं, लेबल कोणी वाचलंच नव्हतं.

एकट्या पेंटोबार्बिटलच्या पद्धतीतही वाद आहे: फुप्फुसात पाणी भरणं. एनपीआर या अमेरिकी रेडिओ संस्थेने २०२० मध्ये इंजेक्शननंतरच्या दोनशेहून अधिक शवविच्छेदनांचे अहवाल तपासले, ८४ टक्क्यांत ते आढळलं. प्रश्न असा की पाणी भरताना माणूस शुद्धीत असतो का. त्यावर तज्ज्ञांत फूट आहे.

कलमकसाई

आणि फूट पडली की राज्य जिंकतं. जुलै २०२० मध्ये बार विरुद्ध ली. खालच्या कोर्टाने केंद्राच्या मृत्युदंडांना याच फुप्फुसाच्या मुद्द्यावर स्थगिती दिली होती. सुप्रीम कोर्टाने पहाटे, सही नसलेल्या चार पानांच्या आसपासच्या आदेशाने ५ विरुद्ध ४ ने ती उठवली: तज्ज्ञांचं एकमत नाही, सबब जिंकण्याची शक्यता दाखवलेली नाही. तिथून जानेवारी २०२१ पर्यंत केंद्राने १३ जणांना मृत्युदंड दिला. जानेवारी २०२५ मध्ये त्याच केंद्राच्या कायदा खात्याने या औषधाने अनावश्यक वेदना होते का याबद्दल बरीच अनिश्चितता आहे म्हणून ती पद्धत मागे घेतली. बायडेन सरकारचे शेवटचे दिवस होते ते, त्यामुळे त्या निर्णयाला किती वजन द्यायचं ते ज्याने त्याने ठरवावं.

पंतोजी_नागपूरकर

थोडं अवांतर. आपल्याकडे उलट आहे: लोक इंजेक्शन मागायला कोर्टात जातात! दीना खटल्यात १९८३ साली सुप्रीम कोर्टाने फाशीची पद्धत अनुच्छेद २१ (जीविताचा हक्क) च्या कसोटीवर वैध ठरवली. पण फरक बघा. दीनामध्ये कोर्टाने म्हटलं की पद्धत न्याय्य आहे हे दाखवायची जबाबदारी सरकारची. कायदा आयोगाने २००३ च्या १८७ व्या अहवालात इंजेक्शनचा पर्याय ठेवायची शिफारस केली, आणि २०१७ मध्ये एक याचिका दाखल झाली ज्यात इंजेक्शन जास्त सभ्य मानलंय. भूलचूक यांचे प्रतिसाद याचिकाकर्त्यांनी वाचायला हवेत. आणखी एक: २०१४ च्या शत्रुघ्न चौहान निकालाने फाशीनंतर शवविच्छेदन सक्तीचं केलं, म्हणजे निदान पुरावा तरी जमतो.

मुद्देसूद

दीनामधला पुराव्याच्या ओझ्याचा मुद्दा माहीत नव्हता, धन्यवाद. पण निकाल शेवटी सरकारच्याच बाजूने लागला ना? ओझं कोणावर यापेक्षा कोर्ट किती खोलात जायला तयार आहे, ते जास्त महत्त्वाचं दिसतं.

साखरभात

समजा कैदी जिंकला. मग काय, सुटका?

कलमकसाई

छे. त्याने सुचवलेल्या पद्धतीने मृत्युदंड. नान्समध्ये केगन यांचा सगळा युक्तिवादच त्यावर उभा आहे: राज्य कायदा बदलून गोळीबार आणू शकतं, म्हणजे दावा शिक्षेच्या विरोधात नाही.

केनेथ स्मिथचं उदाहरण घ्या. अलाबामात २०१८ पासून नायट्रोजन कायद्यात होता, पण नियमावली तयार नव्हती. नोव्हेंबर २०२२ मध्ये त्याला इंजेक्शनसाठी बांधलं, तासाहून जास्त वेळ शीर सापडली नाही, मध्यरात्री वॉरंट संपत होतं म्हणून थांबले. त्याच वर्षी त्या राज्यात असं आणखी एकदा झालं होतं. यावर उपाय काय केला? वॉरंट मध्यरात्री संपण्याचा नियम बदलला, मुदत राज्यपाल ठरवणार. इंजेक्शनविरुद्धच्या दाव्यात स्मिथने पर्याय म्हणून नायट्रोजन लिहिला होता, आणि अपील कोर्टाने तो उपलब्ध पर्याय मानला. मग राज्य म्हणालं, ठीक, नायट्रोजनच देतो. त्यानंतर तोंडावर बसणाऱ्या मास्कमधून हवा शिरली तर काय, उलटी झाली तर काय, असे त्याचे आक्षेप कोणत्याच कोर्टात टिकले नाहीत. २५ जानेवारी २०२४ ला जगातला पहिला नायट्रोजनचा मृत्युदंड त्याला दिला गेला. त्यामुळे आता पर्याय लिहिताना वकिलांना दोन हिशोब एकदम करावे लागतात: कोर्टाला पटेल इतका तयार हवा, आणि उद्या तोच अशिलावर वापरला तर चालेल असाही हवा.

ऑस्टिनकर

म्हणूनच बरेच वकील गोळीबार पथक लिहितात. बंदुका आणि माणसं राज्याकडे आहेतच, युटाची लेखी नियमावली तयार आहे, 'मिळत नाही' म्हणायला जागा नाही. इडाहोत फेब्रुवारी २०२४ मध्ये थॉमस क्रीचला आठ वेळा टोचूनही शीर मिळाली नाही. पुढच्या वर्षी तिथल्या विधिमंडळाने कायदा करून गोळीबार हीच मुख्य पद्धत केली, जुलै २०२६ पासून. साउथ कॅरोलिनाच्या सर्वोच्च न्यायालयाने २०२४ मध्ये गोळीबार वैध ठरवला आणि मार्च २०२५ मध्ये ब्रॅड सिग्मनने स्वतः तो निवडला. इंजेक्शनच्या औषधाची माहिती राज्य पुरेशी देत नाही, म्हणून ते नको, असं त्याच्या वकिलांचं म्हणणं होतं.